आजी थांबतात तिथे कट मारायचा का? कुर्डीवरच्या एका फिल्मच्या एडिटचं प्रकरण

म्हाताऱ्या माणसाला कॅमेऱ्यासमोर बसवून जुन्या घराबद्दल विचारलं की ते बोलता बोलता थांबतं. पाच सेकंद, दहा सेकंद, कधी वीस. एडिटरचा हात सवयीने त्या थांबण्यावरच जातो, कारण आपण शिकलेलोच असतो की श्वास, अं-अं, रिकामी जागा काढून टाकायची आणि वर दुसरा एखादा शॉट टाकून जोड लपवायचा. कुर्डीवरच्या एका डॉक्युमेंटरीत हा एकच प्रश्न इतका मोठा झाला की शेवटी सगळी फिल्म त्याच्यावरच उभी राहिली, म्हणून ते प्रकरण पहिल्यापासून लिहितोय. डॉक्युमेंटरी करणाऱ्यांना तर होईलच, पण घरातल्या म्हाताऱ्यांचं मोबाईलवर रेकॉर्डिंग करून ठेवणाऱ्यांनाही याचा उपयोग होईल असं वाटतं.

कुर्डी ज्यांना माहीत नाही त्यांच्यासाठी थोडक्यात. दक्षिण गोव्यातल्या सांगे तालुक्यातलं गाव, भातशेती, माड, काजू, फणस सगळं भरपूर, देवळं होती, चॅपल होतं, मुसलमानांचं श्रद्धास्थान पण होतं. गोवा १९६१ ला मुक्त झाला, त्यानंतर दक्षिण गोव्याला पाणी मिळावं म्हणून साळावली नदीवर धरण बांधायचं ठरलं, आणि पहिले मुख्यमंत्री भाऊसाहेब बांदोडकर स्वतः गावात येऊन लोकांशी बोलले होते ही गोष्ट जुनी माणसं अजून सांगतात. भाऊसाहेब १९७३ ला गेले, धरणाचं काम पुढे चालू राहिलं, ६०० च्या वर कुटुंबं उठली आणि वाडें, वालकिणीच्या वसाहतीत गेली, आणि १९८६ मध्ये गाव पाण्याखाली गेलं. पण पूर्ण गेलं नाही. दर उन्हाळ्यात पाणी उतरतं आणि मे महिन्यात गाव वर येतं, चिऱ्यांची जोती, वाटा, झाडांचे वठलेले बुंधे, सोमेश्वराचं देऊळ. मग वसाहतींमधून, मडगाव-पणजीतून, अजून कुठून कुठून लोक येतात, देवळात उत्सव होतो, ख्रिश्चन लोक चॅपलचं फेस्त, म्हणजे सण, करतात, माणसं आपापल्या जोत्यावर जाऊन उभी राहतात. जूनमध्ये पाऊस लागला की परत सगळं पाण्यात. काही गोष्टी बाहेर काढल्या होत्या, महादेवाचं जुनं दगडी देऊळ दगड दगड सोडवून धरणाजवळ परत उभं केलंय, मातृदेवतेचं जांभ्यातलं शिल्प वेर्ण्याला नेलंय. घरं कोण काढणार.

फिल्म सांग्याच्या एका डायरेक्टरची, आम्ही सगळे तिला ताई म्हणतो. तिला माहितीपर फिल्म करायचीच नव्हती. धरण का झालं, भरपाई किती मिळाली, हे विषय महत्त्वाचे आहेत पण त्यावर बोलणारे लोक आहेत, तिला काळ आणि आठवण आणि माणूस जाणं याच्यावर काहीतरी करायचं होतं, कवितेच्या जवळ जाणारं. त्यासाठी तिला वाडें वसाहतीतल्या एक आजी सापडल्या. कुर्डीत लग्न होऊन आलेल्या, तिथेच मुलं झाली, तिथूनच उठल्या. आजींचा मुलगा, त्याला मी इथे दादा म्हणतो, तो आईला सांभाळायचा, शूटला पण त्यानेच परवानगी दिली.

पहिल्या मे महिन्यात बरंचसं शूट झालं आणि रशेस, म्हणजे न कापलेलं सगळं शूट, एडिटसाठी माझ्याकडे आले. त्यातलं मुख्य काय ते सांगतो. वाडेंच्या घरात, सोप्यावर, ताईने आजींना विचारलं की घर कसं होतं. आजींच्या बाजूला परातीत काजूच्या बिया होत्या, मे महिना, सुकवायला काढलेल्या. आजींनी त्यातल्या बिया उचलून जमिनीवर मांडायला सुरुवात केली, हा सोपो, ही देवाची कूड (खोली), ही रांदपाची (स्वयंपाकाची), इथे गोठो. ताईने काही सुचवलं नव्हतं, कॅमेरामनने फक्त कॅमेरा खाली आणला. एकेक बी ठेवायची, मग थांबायचं, मग पुढची. असं त्यांनी वेगवेगळ्या दिवशी तीनदा घर मांडलं, आणि तिन्ही वेळा घर वेगळं. विहीर एकदा दारासमोर, एकदा गोठ्यामागे, एकदा तर शेजाऱ्याच्या अंगणात. न्हाणी पण फिरत होती.

पहिल्यांदा रशेस बघितले तेव्हा आम्हा सगळ्यांचं मत पडलं की हे वापरायचं तर खूप कापावं लागेल. इथून तिघांची तीन मतं सुरू झाली आणि तिन्ही मतं आपापल्या जागी बरोबर होती, म्हणून तर प्रकरण अवघड.

पैसे देणाऱ्या संस्थेला २६ मिनिटांची फिल्म हवी होती, अर्ध्या तासाच्या स्लॉटमध्ये बसणारी. साधं गणित आहे, आजींचं थांबणं काढलं की तेवढ्यात दुप्पट माहिती बसते. दादाचं म्हणणं, आई अशी अडखळते ते दाखवलं तर लोकांना ती भ्रमिष्ट वाटेल, तिने आयुष्यभर घर चालवलं, भजनाला पेटी काढून बसायची, तिचं नीट बोलणं तेवढं ठेवा. हे ऐकून मी गप्पच झालो, कारण मुलाने याच्यापेक्षा वेगळं काय सांगायचं? आणि ताईला थांबणं हवं होतं पण त्याच्यावर तिला व्हॉइसओव्हर टाकायचा होता. तिने लिहिलेला मजकूर सुंदर होता, खोटं कशाला बोलू, पाण्याबद्दल, विसरण्याबद्दल, वाचताना अंगावर काटा आला. पण टाइमलाइनवर टाकून बघितला आणि लगेच खटकलं. आजी विचार करतायत, बी हातात आहे, ओठ हलतायत, आणि त्याच्यावर एक तरुण, शिकलेला आवाज आजींच्या वतीने विचार करून टाकतोय. म्हणजे आजींना आठवायला वेळ दिलाच नाही, त्यांच्या थांबण्यावर आपलं सामान नेऊन ठेवलं.

मी तेव्हा नुसतं एवढंच म्हणत होतो की कापू नका, का ते मला पण नीट सांगता येत नव्हतं. मग एक थांबणं घेऊन बसलो. दुसऱ्या दिवशीच्या मांडणीतलं, १९ सेकंदांचं. आजी म्हणतात, “न्हाणी…” आणि थांबतात. वेव्हफॉर्मवर, म्हणजे आवाजाच्या आलेखावर, बघितलं तर जवळजवळ सपाट रेघ, म्हणजे मशीनच्या हिशेबाने इथे काही नाही. आवाज वाढवून ऐकलं तर कावळा आहे, शेजारच्या घरातल्या कुकरची एक शिट्टी आहे, बांगडी परातीला लागल्याचा बारीक आवाज आहे. चित्रात आजींचा अंगठा बी फिरवतोय, नजर आधी जमिनीवरच्या बियांकडे, मग वर, समोर, मग डावीकडे वळते आणि तिथेच राहते दोन-तीन सेकंद, मग परत खाली, आणि बी ठेवली जाते. हे परत परत बघताना लक्षात आलं की ती नजर डावीकडे वळणं बाकीच्या दोन दिवशी पण आहे. तशीच. आधी समोर, मग डावीकडे. विहीर तीन जागी, न्हाणी तीन जागी, पण सोप्यावरून आत गेल्यावर डावीकडे वळणं तिन्ही दिवशी एकच. आजी घरातून चालत होत्या. पाय नव्हते हलत, डोळे चालत होते, आणि जे बोलून दाखवायला जमत नव्हतं ते शरीराला अजून ठाऊक होतं.

आणि हे सगळं फक्त त्या थांबण्यात आहे, वाक्यात कुठेच नाही. आपण तिथे कट मारून वर माडाचा किंवा पाण्याचा शॉट टाकला असता तर राहिलं असतं ते एक चुकीचं वाक्य, की न्हाणी इकडे होती. मी तिन्ही दिवसांचे ते तुकडे एकाखाली एक लावून ताईला आणि दादाला एकत्र बोलावून दाखवले, काही न सांगता. दादाने दुसऱ्यांदा बघताना स्वतःच मान डावीकडे केली. नंतर म्हणाला, “हो, तिथून आत जायचं.” तो कुर्डी सोडताना लहान होता. त्या दिवसानंतर त्याने बियांच्या सीनमधलं थांबणं काढा असं परत कधी म्हटलं नाही.

माझं मत त्यातून पक्कं झालं ते असं: आठवण दाखवायची असेल तर आठवायला जो वेळ लागतो तो दाखवायला लागतो. आठवलेली गोष्ट बरोबर की चूक हे तपासायला नकाशे आहेत, जुनी कागदपत्रं आहेत, ते काम दुसऱ्या कोणीतरी करावं आणि जरूर करावं. या फिल्मचं ते काम नव्हतं.

पण नुसतं “थांबणं ठेवू” म्हणून होत नाही. प्रेक्षकाला १९ सेकंद काही न घडणारा शॉट दिला तर तो मोबाईल काढतो, त्याचा दोष नाही, सगळीकडे त्याला दोन सेकंदांच्या शॉटची सवय लावलेली आहे. म्हणून क्रम असा लावला की पहिलं थांबणं ४ सेकंदांचं, सोपं, त्यानंतर आजी लगेच ठाम काहीतरी बोलतात, म्हणजे बघणाऱ्याला कळतं की थांबलं तरी पुढे काही मिळतं. मग ७ चं. मग ११ चं, ज्यात त्या बी ठेवून परत उचलतात. १९ चं येईपर्यंत बघणारा आजींच्या चालीने चालायला लागलेला असतो आणि तो स्वतः डावीकडे बघतो. यासाठी दिवसांचा क्रम मोडावा लागला, तीन दिवसांचं शूट मिसळलं, त्यामुळे आजींचं लुगडं बदलतं मधेच, ते बदलू दिलं.

वेळ कुठून आणायचा? वाक्यं कापली. सगळे थांबणं कापतात, आम्ही बोलणं कापलं. धरणाची माहिती पहिल्या कटमध्ये सहा मिनिटं होती, ती सुरुवातीच्या तीन ओळींवर आणली. ड्रोन पूर्ण काढला. कुर्डीच्या ज्या ज्या व्हिडिओवर जावं तिथे तो वरून खाली येणारा शॉट असतोच, जोत्यांची नक्षी दिसते, लाल माती, निळं पाणी, छान दिसतं यात वाद नाही, पण आजी तीन दिवस जमिनीवर बसून आतून घर मांडत होत्या आणि आपण एकदम आभाळात जाऊन वरून बघायचं हे जमेना. मोगूबाई कुर्डीकरांचा उल्लेख पण गेला. एवढी मोठी गायिका, १९७४ ची पद्मभूषण, किशोरीताईंची आई आणि गुरू, तिच्या नावातच हे गाव आहे, त्यामुळे संस्थेचा आग्रह होता आणि मला पण मोह होता की मागे तानपुरा लावावा. लावून बघितला. तानपुरा लागला की थांबण्याला लगेच एक अर्थ येतो, गंभीर, पवित्र, आणि कुकरची शिट्टी ऐकू येत नाही. काढला. संगीतच काढलं सगळं.

थांबणं ठेवायचं तर आवाज स्वच्छ लागतो हे वेगळं सांगायला हवं. कापलेल्या इंटरव्ह्यूमध्ये पंख्याची घरघर खपून जाते, सलग १९ सेकंदांत ती डोक्यात जाते. आमच्या साउंडवाल्या मुलाने मे महिन्यात, सांग्याच्या त्या उकाड्यात, पंखा बंद करायला लावला होता तेव्हा सगळे त्याच्यावर वैतागले होते. त्याने प्रत्येक दिवशी सगळ्यांना गप्प बसवून खोलीचा नुसता आवाज मिनिटभर वेगळा घेऊन ठेवला होता, तो आम्हाला जोडांच्या ठिकाणी पदोपदी लागला. घरी मोबाईलवर आजी-आजोबांना रेकॉर्ड करणाऱ्यांना पण माझं हेच सांगणं आहे, पंखा आणि टीव्ही बंद करा, फोन जवळ ठेवा, आणि ते थांबले की लगेच पुढचा प्रश्न विचारू नका.

मग आजी गेल्या. श्रावणात. एडिट अर्ध्यावर होतं. धरण भरून वाहायला लागलं होतं, ४१.१५ मीटरला साळावली भरते आणि त्या बदकाच्या चोचीसारख्या सांडव्यातून पाणी खाली कोसळायला लागतं, लोक फोटो काढायला गर्दी करतात. आम्ही तेराव्याला जाऊन आलो. आठवडाभर मी टाइमलाइन उघडलीच नाही, आणि उघडली तेव्हा एक गोष्ट झाली होती. काहीच न बदलता सगळी थांबणी बदलली होती. आता प्रत्येक थांबण्यात मला मरण दिसत होतं. ४ सेकंदांचं ते सुरुवातीचं, ज्यात आजी फक्त जांभई आवरतात, ते पण मला निरोपासारखं दिसायला लागलं, आणि तसं ते नव्हतं. ती बाई त्या दिवशी काजू सुकवत होती आणि दुपारी काय शिजवायचं याची चिंता करत होती.

म्हणून मोठा प्रश्न हा आला की आजी गेल्या ही बातमी फिल्ममध्ये कुठे ठेवायची. संस्थेचं म्हणणं सुरुवातीलाच पाटी टाका, अर्पण म्हणून. तसं केलं की पहिल्या फ्रेमपासून बघणारा आजींना गेलेलं माणूस म्हणून बघतो, त्यांच्या प्रत्येक श्वासाला दया दाखवतो, आणि बियांकडे कोणाचं लक्षच राहत नाही. ताईचं म्हणणं शेवटी, काळ्या पडद्यावर. ते मला धक्का दिल्यासारखं वाटत होतं, सगळी फिल्म जिवंत आहे असं भासवून जाता जाता सांगायचं. बरेच दिवस यावर वाद चालला. मार्ग मिळाला दुसऱ्या मे महिन्यात, आणि तो आम्ही शोधला असं म्हणता येणार नाही. पाणी उतरलं तसे दादाला घेऊन कुर्डीला गेलो, त्यांच्या जोत्यावर. पुढची पायरी आणि सोप्याची कड एवढंच वर आहे, मागची बाजू सगळी गाळात, त्यामुळे न्हाणी कुठे होती ते जमीनही सांगत नाही. दादा पायरीवर उभा राहिला, इकडे तिकडे बघितलं, आणि म्हणाला, “आई असती तर सांगितलं असतं.” एवढंच. कॅमेरा चालू होता.

ते वाक्य फिल्मच्या मध्यावर ठेवलं. त्याच्या आधी १९ सेकंदांचं थांबणं, म्हणजे तेव्हा आजी जिवंत आहेत, घर मांडतायत, बघणारा त्यांच्यासोबत चालतोय. मग पायरी, मग ते वाक्य. त्यानंतर आजींचा चेहरा एकदाही दिसत नाही. त्यांचा आवाज येतो, शेतीबद्दल, कुर्डीतल्या जत्रेच्या रात्रीच्या नाटकाबद्दल, आणि चित्रात फक्त पाणी चढत जातं. जून लागल्यावर कॅमेरामन आणि ताई त्याच पायरीवर परत परत जाऊन एकाच जागेवरून शॉट घेत राहिले, पाणी खालच्या दगडाला, पायरीला, सोप्याच्या कडेला. फिल्ममध्ये कुठेही साल नाही, तारीख नाही. घड्याळ म्हणून पाण्याची पातळी ठेवली, पहिल्या अर्ध्यात उतरती आणि दुसऱ्यात चढती. हा निर्णय ताईचा, आणि फिल्ममधली सगळ्यात चांगली गोष्ट तीच आहे असं मला वाटतं.

आता त्या दुसऱ्या सीनबद्दल, ज्याच्यावरून ताईचं आणि माझं खरं वाजलं. पहिल्याच मे महिन्यातला एका संध्याकाळचा प्रसंग शूट झाला होता, फ्रेममध्ये आजी आणि दादा दोघंच, आणि त्यातही एक थांबणं होतं. त्यात काय होतं ते इथे लिहीत नाही, कारण दादाने नको म्हटलंय आणि ते नको फक्त फिल्मपुरतं नाही. एवढंच सांगतो की बघितलेल्या प्रत्येकाला वाटलं होतं की फिल्मचा जीव तिथे आहे.

ताईचं म्हणणं तर्काला धरून होतं. आजींनी परवानगीच्या कागदावर सही केली होती, दादाने पण. आणि ती मला विचारायची, तूच म्हणतोस थांबणं कापायचं नाही, मग इथे का कापतोस? प्रश्न बरोबर होता आणि मला त्याचं उत्तर द्यावंच लागलं. बियांच्या सीनमध्ये आजी काम करतायत. अवघड काम आहे, कधी जमतंय कधी नाही, पण करणाऱ्या त्या आहेत, कॅमेरा समोर आहे हे त्यांना माहीत आहे, मधेच कॅमेरामनला “तुका दिसता मरे नीट?” असं विचारतात पण. संध्याकाळच्या सीनमध्ये त्या काही करत नाहीयेत, त्यांच्यावर काहीतरी होतंय, आणि कॅमेरा आहे याचं भान तेव्हा त्यांना होतं असं मी छातीठोकपणे म्हणू शकत नाही. सही घराची गोष्ट सांगण्यासाठी होती. दुसरं म्हणजे ते थांबणं एकट्या आजींचं नव्हतं, अर्धं दादाचं होतं, आणि दादा समोर बसून सांगत होता की नको.

ताईने ते मान्य केलं ते माझ्या बोलण्याने नाही, ती एकदा एकटी दादाकडे जाऊन आली आणि परत आल्यावर म्हणाली की काढ. त्या जागी आम्ही दुसरं काही टाकलं नाही. तिथे फिल्म जराशी लंगडते, मला दरवेळी जाणवतं, एक पायरी चुकल्यासारखं. तरी तो निर्णय मी परत तसाच घेईन.

फिल्म ३८ मिनिटांची झाली. संस्थेने बराच वेळ घेतला पण हो म्हटलं, त्यांच्यासाठी वेगळा २६ चा कट करून द्यायची तयारी होती, पण त्यांनीच ३८ चा पाहून तोच ठेवूया असं कळवलं. याबद्दल त्यांचे मनापासून आभार.

पहिलं स्क्रीनिंग वाडें वसाहतीत, देवळाच्या मंडपात, दिवाळीनंतर. पडदा म्हणून पांढरी चादर, प्रोजेक्टर उसना आणलेला. मला १९ सेकंदांची धास्ती होती, एवढी माणसं, पोरं, कसं होणार. आजी म्हणाल्या, “न्हाणी…” आणि थांबल्या, आणि मंडपातून एक म्हातारी मोठ्याने म्हणाली, “फाटल्या दाराकडेन गो!”, म्हणजे मागच्या दाराजवळ. दुसऱ्या बाजूने एक आजोबा, “ना ना, बांयकडेन”, विहिरीजवळ. मग तिसरा आवाज, मग हशा, मग पडद्यावर आजींनी बी ठेवली आणि अर्धा मंडप हो म्हणाला, अर्धा नाही म्हणाला. फिल्म संपल्यावर तासभर माणसं उठलीच नाहीत, कोणाची विहीर कुठे, वाट कुठून वळायची, कोणाच्या अंगणात नाटकाची तालीम व्हायची. एका काकांनी चक्क चपला मांडून आपलं घर दाखवलं. मधेच एकजण उठून बोलला की त्या धरणाचं पाणी सगळीकडे जातं आणि आमच्याकडे मे महिन्यात टँकरची वाट बघावी लागते, हे तुमच्या फिल्ममध्ये कुठे आहे? ताईने सरळ सांगितलं की नाहीये. तो माणूस बरोबर बोलत होता, आणि ती फिल्म पण कोणीतरी करायला हवी, माझ्या मते तातडीने.

त्यानंतर पणजीत एका छोट्या हॉलमध्ये दाखवली, तिथे त्याच १९ सेकंदांत कोणी हललं नाही, खोकलं पण नाही. नंतर बऱ्याच जणांनी सांगितलं की त्यांना स्वतःच्या घरातली कोणीतरी आठवली. एका मुलीने विचारलं की आजी डावीकडे का बघतात. एवढ्या सगळ्यांत तिला ते दिसलं याचा मला फार आनंद झाला.

ताईला आता मंडपातली ती बडबड पण फिल्मच्या शेवटी जोडायची होती, कोणीतरी फोनवर रेकॉर्ड केली होती. मी नको म्हटलं. ती त्या लोकांची संध्याकाळ होती, आणि जोडली तर पुढच्या ठिकाणच्या प्रेक्षकांना आपण सांगून ठेवल्यासारखं होईल की इथे असं वागायचं असतं. ताईला पटलं.

राहिला रशेसचा प्रश्न. कापलेल्या फिल्मपेक्षा न कापलेलं मटेरियल कितीतरी पटीने जास्त आहे आणि माझ्या दृष्टीने जास्त मोलाचं आहे, कारण अजून पन्नास वर्षांनी कोणाला कुर्डीचं एखादं घर कसं होतं ते बघायचं असेल तर त्याला आमच्या फिल्मपेक्षा त्या तीन मांडण्या पूर्ण बघायला आवडेल. म्हणून दादाबरोबर बसून लेखी ठरवलं. दोन हार्ड डिस्क, एक ताईकडे, एक त्याच्याकडे, दर काही वर्षांनी नवीन डिस्कवर कॉपी करायची जबाबदारी ताईची, कारण डिस्क कपाटात ठेवली म्हणून टिकत नाही. वसाहतीतल्या कोणालाही घरी बसून बघायचं असेल तर दादाला विचारून बघता येईल, फिल्मसाठी किंवा इतर कशासाठी वापरायचं असेल तर दोघांचीही परवानगी लागेल. संध्याकाळचा तो सीन आमच्या सगळ्या डिस्कवरून काढलाय, तो फक्त दादाकडे आहे. चपला मांडणाऱ्या काकांनी आणि त्या ओरडणाऱ्या आजींनी पुढच्या मे महिन्यात बसायचं कबूल केलंय, यावेळी परवानगीच्या कागदावर काय दाखवायचं आणि काय नाही ते पाहून ठरवायचा हक्क त्यांच्याकडे राहील असं कलम आधीच घातलंय, आणि साउंडवाल्या मुलाने एक चांगला माइक मागितलाय, तो कुठून मिळतो ते बघतोय.